गिरणीच्या फाटकाशी थांबणारं चरित्र: जॉन ब्राइट वाचताना

मागच्या पोस्टनंतर बऱ्याच जणांनी एकच प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत विचारला: एखाद्या माणसाचं चरित्र वाचून त्यावर ‘समीक्षा’ लिहायची म्हणजे नेमकं काय लिहायचं? सारांश तर कोणीही लिहितो. चुका काढायच्या म्हटलं तर आपल्याला त्या विषयातलं चरित्रकाराएवढं ठाऊक नसतं. मग उरतं काय?

उत्तर देण्याआधी माझी स्वतःची एक फजिती सांगते. प्री-पीएचडी कोर्सवर्कमध्ये मला जॉन ब्राइट या ब्रिटिश राजकारण्याच्या चरित्रावर टिपण लिहायचं होतं. माझा विषय एकोणिसाव्या शतकातला मुंबई इलाख्यातला कापूस, आणि त्या कापसाची चौकशी करणाऱ्या लंडनच्या एका समितीचे हे गृहस्थ अध्यक्ष होते, म्हणून ते माझ्या वाट्याला आले. मी बारा पानं लिहिली आणि शेवटचं वाक्य मोठ्या समाधानाने टाकलं: “अशा प्रकारे ब्राइट यांच्या जीवनात एक मोठी विसंगती दिसून येते.” मॅडमनी ‘विसंगती’ या शब्दाभोवती गोल केला आणि शेजारी दोनच अक्षरं लिहिली: “मग?”

या ‘मग?’चं उत्तर शोधायला मला जवळजवळ एक सेमिस्टर लागलं. आजची पोस्ट त्याबद्दल आहे.

आधी माणूस कोण ते पाहू

जॉन ब्राइट यांचा जन्म १८११ चा, लँकेशरमधल्या रॉचडेल गावचा. वडील जेकब ब्राइट यांनी १८०९ मध्ये तिथे सूतगिरणी सुरू केली होती. घराणं क्वेकर पंथाचं. या पंथात पाद्री नसतो, युद्ध निषिद्ध असतं, आणि चर्च ऑफ इंग्लंडच्या बाहेरचे असल्यामुळे त्या काळी ऑक्सफर्ड-केंब्रिजची पदवी या लोकांना मिळत नसे. त्यामुळे पोरगा पंधरा-सोळा वर्षांचा झाल्यावर शाळा सोडून थेट गिरणीत आला.

राजकारणात शिरायचं पहिलं मोठं निमित्त १८४० मध्ये झालं. चर्चच्या देखभालीसाठी गावातल्या प्रत्येकाकडून, मग तो त्या चर्चचा असो वा नसो, पट्टी घेतली जाई. रॉचडेलच्या चर्चच्या आवारात एका थडग्याच्या दगडावर उभं राहून ब्राइट यांनी या पट्टीविरुद्ध भाषण केलं. १८४१ मध्ये त्यांची पहिली पत्नी एलिझाबेथ वारली. घर सुतकात असताना रिचर्ड कॉब्डेन भेटायला आले आणि त्यांनी धान्य कायद्यांविरुद्धच्या चळवळीत येण्याची गळ घातली. हे कायदे, म्हणजे कॉर्न लॉज, १८१५ चे. परदेशी धान्य स्वस्तात देशात येऊ नये आणि जमीनदारांच्या धान्याला भाव मिळावा, यासाठी केलेले. त्यामुळे गरिबाचा पाव महाग. १८४६ मध्ये हे कायदे रद्द झाले आणि कॉब्डेन-ब्राइट ही जोडी देशभर प्रसिद्ध झाली.

पुढचं थोडक्यात. १८४३ मध्ये डरहॅममधून खासदार, १८४७ मध्ये मँचेस्टरमधून. क्रिमियन युद्धाला विरोध केला, त्याची किंमत म्हणून १८५७ मध्ये मँचेस्टरची जागा गेली, पण त्याच वर्षी बर्मिंगहॅमने निवडून दिलं आणि १८८९ मध्ये मृत्यू येईपर्यंत ते तिथलेच खासदार राहिले. १८६६-६७ मध्ये शहरी कामगारांच्या मताधिकारासाठी मोठी चळवळ केली. १८६८ मध्ये ग्लॅडस्टन यांच्या मंत्रिमंडळात गेले. १८८२ मध्ये ब्रिटिश आरमाराने अलेक्झांड्रियावर तोफा डागल्या म्हणून राजीनामा दिला. असा माणूस आवडल्याशिवाय राहत नाही, आणि चरित्रकारांची नेमकी अडचण तिथेच होते.

गिरणी जाते कुठे?

ब्राइट वाचायला बसलात तर साधारण चार गोष्टी हाताशी येतात. थोरोल्ड रॉजर्स यांनी १८६८ मध्ये संपादित केलेले भाषणांचे दोन खंड, जी. एम. ट्रेव्हेल्यन यांचं १९१३ चं चरित्र, आर. ए. जे. वॉलिंग यांनी संपादित केलेल्या आणि १९३० मध्ये आलेल्या डायऱ्या, आणि कीथ रॉबिन्स यांचं १९७९ चं चरित्र.

ट्रेव्हेल्यन सगळ्यांत वाचनीय. ते स्वतः लिबरल परंपरेतल्या घरातले, आणि चरित्रनायकाविषयीचा आदर ते लपवत नाहीत. त्यात वाईट काही नाही. पण त्यांनी पक्का केलेला एक साचा पुढे इतका रुळला, की आपण तो साचा आहे हेच विसरतो. पहिल्या प्रकरणात गिरणी येते: बालपण, वडिलांचा कष्टाळूपणा, गिरणीत काम करणाऱ्यांशी मोकळी वागणूक. मग नायक व्यासपीठावर चढतो आणि गिरणी मागे पडते. चाती फिरत असतात, पगार वाटले जात असतात, भोंगा होत असतो, पण पुस्तकात त्याचा आवाज येत नाही. गिरणी म्हणजे जणू गाव. माणूस मोठा झाला की गाव सुटलं.

रॉजर्स यांच्या खंडांची अनुक्रमणिका बघा. भाषणं विषयवार लावली आहेत: भारत, कॅनडा, अमेरिका, आयर्लंड, मताधिकार सुधारणा, मुक्त व्यापार, रशिया वगैरे. ‘कारखाने’ असा विभाग नाही. खुद्द गिरणीमालक असलेल्या खासदाराच्या भाषणांमध्ये गिरणीला विभाग नाही! मला हे कितीतरी दिवस खटकलंच नव्हतं. कारण जे पुस्तकात नाही ते डोळ्यांना दिसत नाही, आणि ते दिसावं म्हणून आधी ते कुठे असायला हवं होतं हे ठाऊक असावं लागतं.

मग त्यांचं गिरणीविषयीचं बोलणं सापडतं कुठे? संसदेच्या कामकाजाच्या नोंदींत, म्हणजे हॅन्सार्डमध्ये, मार्च १८४४ च्या चर्चेत. नवख्या संशोधकासाठी इथला धडा सरळ आहे. ‘संकलित भाषणं’ ही कोणीतरी केलेली निवड असते. निवड कोणी केली, कधी केली (इथे १८६८, ब्राइट मंत्री झाले ते वर्ष) आणि काय गाळलं, हे आधी पाहा.

माझी ‘विसंगती’

आता माझी विसंगती काय होती ते सांगते.

एकीकडे हा माणूस गरिबाच्या पावासाठी गावोगाव फिरतो. दुसरीकडे, गिरणीतल्या स्त्रिया आणि १३ ते १८ वयाच्या मुलामुलींच्या कामाचा दिवस कायद्याने दहा तासांचा करा, अशी मागणी लॉर्ड अ‍ॅशली १८४४ मध्ये मांडतात, तेव्हा हाच माणूस उभा राहून तिला कडाडून विरोध करतो. तास कमी झाले तर मजुरी कमी होईल, परदेशी गिरण्या पुढे जातील, आणि हा व्यवहार मालक आणि कामगार यांनी आपापसात ठरवायचा आहे, संसदेने नाही, हा युक्तिवाद. शिवाय अ‍ॅशली यांच्या वडिलांची जमीन डॉर्सेटमध्ये, आणि तिथल्या शेतमजुरांचे हाल प्रसिद्ध. तेव्हा आधी स्वतःचं घर बघा, हा टोला. लहानपणापासून गिरणीत राबून अपंग झालेल्या विल्यम डॉड यांचं आत्मकथन तेव्हा गाजत होतं. ब्राइट यांनी डॉड यांच्या विश्वासार्हतेवरच हल्ला केला.

हे पान वाचताना मला खरंच वाईट वाटलं. पाव स्वस्त व्हावा म्हणून झटणारा माणूस एका अपंग कामगाराला खोटं पाडायला निघतो. म्हणून मी लिहून टाकलं: विसंगती. पण बघा, हा शब्द लिहिला की विचार थांबतो. विसंगती कोणाच्या नजरेतली? ब्राइट यांना स्वतःला यात काही विसंगत वाटत होतं का? त्यांना वाटत नसेल, तर मला न दिसणारी एखादी संगती त्यांच्या डोक्यात आहे, आणि ती शोधणं हे माझं काम आहे. मॅडमचा ‘मग?’ हा होता.

पहिलं सोपं उत्तर: खिसा

आमच्या अभ्यासिकेत एक सीनिअर दादा आहेत. त्यांना सांगितलं तर ते हसले. “अगं, गिरणीमालक होता ना? मग दहा तासांना विरोध करणारच. यात शोधायचं काय?”

उत्तर पटण्यासारखं आहे. स्वस्त पाव म्हणजे मजुरी वाढवण्याचा दबाव कमी, आणि कमी तास म्हणजे यंत्र बंद. दोन्हीकडे मालकाचाच फायदा. पण हे उत्तर खरं आहे की नुसतं सोयीचं, हे तपासायचं कसं? तपासायचा एक मार्ग म्हणजे तोच धंदा, तोच काळ आणि तोच परिसर असलेला दुसरा माणूस शोधणं.

असा माणूस आहे. रॉचडेलपासून काही मैलांवर टॉडमॉर्डन गाव आहे. तिथली फील्डन ब्रदर्स ही देशातल्या मोठ्या सूत कंपन्यांपैकी एक. तिचे एक मालक जॉन फील्डन, जन्म १७८४. लहानपणी वडिलांच्याच गिरणीत त्यांनी काम केलेलं. १८३२ पासून ओल्डहॅमचे खासदार. त्यांनी १८३६ मध्ये कारखाना पद्धतीलाच शाप म्हणणारी पुस्तिका लिहिली. आणि १८४७ मध्ये अ‍ॅशली संसदेत नसताना दहा तासांचं विधेयक मांडून मंजूर करून घेणारे हेच. म्हणजे ब्राइट ज्या कायद्याला विरोध करत होते, तो कायदा त्यांच्याहून मोठ्या गिरणीमालकाने आणला!

फील्डन संत होते असं मला म्हणायचं नाही. त्यांचा स्वतःचा आर्थिक हिशेब होता: सगळ्यांचे तास कमी झाले तर जादा उत्पादन थांबेल, भाव टिकतील, आणि मजुरीही टिकेल. पण मुद्दा असा, की खिसा सारखा असूनही दोन माणसं विरुद्ध बाकांवर बसली. मग ‘गिरणीमालक म्हणून विरोध’ हे कारण पुरत नाही.

आणखी एक पुरावा. १८६१ ते ६५ या काळात अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे लँकेशरला कापूस मिळेनासा झाला. गिरण्या बंद पडल्या, हजारो कुटुंबं मदतीवर जगू लागली. खिशाचंच ऐकायचं असतं, तर ब्राइट यांनी दक्षिणेकडच्या राज्यांना मान्यता देऊन कापूस मोकळा करा म्हटलं असतं. तसं म्हणणारे बरेच होते. ब्राइट मात्र गुलामगिरीविरुद्ध उत्तरेच्या बाजूने ठाम राहिले. खिशाचं उत्तर इथेही फसतं.

दुसरं सोपं उत्तर: तत्त्व

मग मी दुसऱ्या टोकाला गेले. म्हटलं, हा तत्त्वाचा माणूस आहे. सरकारने बाजारात ढवळाढवळ करू नये हे तत्त्व. धान्य कायदा ही ढवळाढवळ, दहा तासांचा कायदा हीसुद्धा ढवळाढवळ. दोन्हीला विरोध. झाली संगती! ब्राइट यांच्या बाजूने लिहिणारे बहुतेक जण हेच उत्तर देतात.

इथे मला माझ्या मूळ विषयाचा उपयोग झाला. १८४८ मध्ये हाउस ऑफ कॉमन्सने हिंदुस्थानातल्या कापसाच्या लागवडीची चौकशी करायला समिती नेमली. अध्यक्ष ब्राइट. प्रश्न असा: लँकेशर अमेरिकेच्या कापसावर अवलंबून आहे, मग हिंदुस्थानातून चांगला कापूस पुरेसा का येत नाही? ब्राइट यांचा रोख पहिल्यापासून ईस्ट इंडिया कंपनीवर होता. सारा जबर, रस्ते नाहीत, पाणीपुरवठ्याची कामं नाहीत, म्हणून रयत कंगाल आणि कापूस खराब. १८५० मध्ये त्यांनी याची जागेवर जाऊन चौकशी करणारा आयोग मागितला. तो नाकारला गेला, तेव्हा मँचेस्टर आणि इतर शहरांच्या व्यापारी संघांनी अलेक्झांडर मॅके यांना आपल्या खर्चाने मुंबई इलाख्यात पाठवलं. मॅके मुख्यतः गुजरातेत हिंडले, परतीच्या वाटेवर वारले, आणि त्यांचे अहवाल १८५३ मध्ये पुस्तकरूपाने आले.

पुढे जून १८५८ च्या भाषणात ब्राइट यांनी एक तुलना केली. एकट्या मँचेस्टर शहराने फक्त पिण्याच्या पाण्यावर जेवढा पैसा खर्च केला, तेवढा कंपनीने १८३४ ते १८४८ या चौदा वर्षांत आख्ख्या हिंदुस्थानातल्या सगळ्या सार्वजनिक कामांवर मिळूनही केला नाही. याच भाषणात त्यांनी गव्हर्नर-जनरल हे पद काढून टाकून पाच स्वतंत्र इलाखे करावेत अशी सूचना केली.

बघा म्हणजे, हा माणूस सरकारला ‘हात लावू नका’ म्हणत नाहीये. तो ‘खर्च करा, रस्ते बांधा, पाणी आणा’ म्हणतोय. ‘सरकारने लांब राहावं’ हे तत्त्व नर्मदेकाठी लागू नाही आणि रॉचडेलला मात्र लागू, असं कसं?

दुसरं उत्तरही गेलं.

मला सापडलेलं वाचन, आणि त्याला गेलेला तडा

मग मी एक साधा उद्योग केला. एका कागदावर ब्राइट ज्या-ज्या गोष्टींविरुद्ध लढले त्यांची यादी केली. चर्चची पट्टी, धान्य कायदे, क्रिमियन युद्ध, ईस्ट इंडिया कंपनी, अपुरा मताधिकार. प्रत्येकापुढे लिहिलं: यात सत्ता कोणाच्या हातात आहे? उत्तर जवळजवळ एकच येत होतं. जमीनदार, सरदार घराणी आणि त्यांचं अधिकृत चर्च. पदवीपासून वंचित ठेवलेल्या, दुसऱ्याच्या चर्चसाठी पट्टी भरणाऱ्या क्वेकराच्या मुलाला ‘सरकार’ म्हणजे हीच मंडळी दिसणं स्वाभाविक आहे. म्हणून दहा तासांचा कायदा एका लॉर्डाच्या मुलाने मांडला, की ब्राइट यांना त्यात मजुरांचा कळवळा दिसत नाही. जमीनदारांनी गिरणीवाल्यांवर उगवलेला सूड दिसतो. हा संशय अगदीच हवेतला नव्हता. धान्य कायदे १८४६ मध्ये गेल्यावर चिडलेल्या बऱ्याच जमीनदार खासदारांनी १८४७ मध्ये दहा तासांना मत दिलं.

हे वाचन मला आवडलं. प्रश्न ‘सरकार किती?’ असा नव्हता, ‘सरकार कोणाचं?’ असा होता. टिपणाचा दुसरा मसुदा मी यावरच लिहिला.

मग नेहमीप्रमाणे एक तारीख आडवी आली: १८६९. ब्राइट आता स्वतः व्यापार खात्याचे मंत्री. १८६७ च्या कायद्याने शहरी कामगारांच्या मोठ्या वर्गाला मत मिळालेलं. म्हणजे सरकार आता ‘त्यांचं’ राहिलेलं नाही, बऱ्यापैकी ‘आपलं’ झालंय. त्या वर्षी अन्नातल्या भेसळीचा आणि खोट्या वजनमापांचा प्रश्न सभागृहात येतो, आणि मंत्री म्हणून ब्राइट काय म्हणतात? भेसळ हा स्पर्धेचाच एक प्रकार आहे!

ज्याने गरिबाच्या पावासाठी आयुष्य वेचलं, तो पावात खडू मिसळणाऱ्याला स्पर्धक म्हणतो. इथे जमीनदार कुठेच नाहीत. माझं ‘सरकार कोणाचं’ हे वाचन इथे पुरत नाही.

फाटकाच्या आत

म्हणून मी परत मागे गेले, ऑगस्ट १८४२ मध्ये. त्या महिन्यात लँकेशरभर संप पसरला होता. संपकरी गिरण्यांत शिरून बॉयलरच्या गुडद्या काढत, वाफ जाई, यंत्रं बंद पडत. संपाची लाट रॉचडेलला आली तेव्हा ब्राइट यांनी गावच्या कामगारांना उद्देशून एक जाहीर पत्रक काढलं. तुमचे हाल खरे आहेत, हे त्यात ते मान्य करतात. पण मजुरी ना संसदेच्या कायद्याने टिकते, ना जमावाच्या जोराने, हे सांगतात. धंदा मंदावला आहे, त्याला धान्य कायदे कारण आहेत. कामावर परत या आणि खरा शत्रू ओळखा.

पत्रकाचा सूर रागाचा नाही, शेजाऱ्याने समजूत घालावी तसा आहे. आणि मला वाटतं ब्राइट यांच्या विचाराची गाठ इथे आहे. मालक आणि कामगार हे त्यांच्या लेखी बाजारात समोरासमोर आलेले दोन मोकळे माणूस आहेत. एक श्रम विकतो, दुसरा घेतो. बाहेरून कोणी हा व्यवहार बिघडवला, जमीनदाराने, चर्चने, कंपनीने, तर ती जुलूमशाही. व्यवहाराच्या आतच एकाचा हात वर आणि दुसऱ्याचा खाली असू शकतो, हे त्यांना दिसत नाही. दुकानातल्या गिऱ्हाइकाचंही तेच. पाव पारखून घेणं हे गिऱ्हाइकाचं काम. पण संध्याकाळी पैसे हातात पडल्यावर उधारीच्या दुकानातूनच पाव घ्यावा लागणाऱ्या बाईने पारख कशी करायची?

‘नाही’ म्हणायची सोय ज्याला आहे त्यालाच व्यवहार मोकळा वाटतो. ब्राइट यांना ती सोय जन्मापासून होती. गिरणीने त्यांना नफा दिला, पण माझ्या दृष्टीने त्याहून मोठी गोष्ट म्हणजे तिने त्यांना जग पाहायची जागा दिली. त्या जागेवरून सरदारांची सत्ता स्पष्ट दिसे, स्वतःची दिसत नसे. फील्डन यांची जागा थोडी वेगळी होती. लहानपणी यंत्रासमोर उभं राहून शेवटच्या तासाला पाय कसे भरून येतात हे त्यांना अंगाने ठाऊक होतं. तेवढ्याने सगळं ठरलं असं मी म्हणणार नाही. पण या फरकाकडे दुर्लक्षही करता येत नाही.

आणि म्हणूनच चरित्रकारांबद्दल माझी तक्रार आहे. त्यांनी गिरणी पहिल्या प्रकरणात ठेवून पुढे फाटक लावून घेतलं. ब्राइट यांनी आयुष्यभर जे केलं तेच त्यांच्या चरित्रकारांनी केलं. सत्ता फाटकाबाहेर शोधली.

हिंदुस्थानच्या बाबतीतही तेच दिसतं. १८४८ च्या समितीपुढे बोलणारे म्हणजे कंपनीचे अधिकारी, व्यापारी, कापडधंद्याशी संबंधित माणसं. खानदेशातल्या किंवा भडोचकडच्या शेतकऱ्याने लंडनला जाऊन साक्ष देणं तेव्हा शक्यच नव्हतं. रयतेवरचा साऱ्याचा बोजा ब्राइट यांना दिसला, आणि त्याबद्दल त्यांचं श्रेय त्यांना द्यायलाच हवं. पण रयतेने कापूसच का पिकवावा, आणि तो मँचेस्टरलाच का द्यावा, हा प्रश्न त्या प्रश्नावलीत बसत नव्हता.

आणि मुंबईत?

मुंबईत पहिली कापड गिरणी कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ मध्ये काढली. पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत गिरण्या वाढल्या आणि १८८१ मध्ये हिंदुस्थानचा पहिला कारखाना कायदा आला. सात वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवू नये, सात ते बारा वयाच्या मुलांना नऊ तासांपेक्षा जास्त राबवू नये, एवढाच त्याचा जीव. तोही शंभरपेक्षा कमी माणसांच्या कारखान्यांना लागू नाही. मुंबईच्या गिरणीमालकांचा आक्षेप असा, की हा कायदा मागणाऱ्या मँचेस्टरला इथल्या कामगाराचा कळवळा नाही, त्यांना आमची स्पर्धा नको आहे. आक्षेपात तथ्य होतं. १८४४ मध्ये ब्राइट अ‍ॅशलींना हेच तर म्हणत होते: आधी तुमचा हेतू बघा!

पण हेतू संशयास्पद असला म्हणून मागणी खोटी ठरत नाही. हे मुंबईत दाखवून दिलं नारायण मेघाजी लोखंडे यांनी. ते स्वतः गिरणीत भांडारपालाचं काम केलेले, ‘दीनबंधु’चे संपादक. १८८४ मध्ये त्यांनी गिरणी कामगारांच्या सभा घेतल्या आणि सुमारे ५,५०० सह्यांचं निवेदन दिलं: आठवड्याची रविवारची सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, पगार वेळेवर, काम करताना जखमी झाल्यास भरपाई. मँचेस्टरला काय हवं आणि मालकांना काय हवं, याच्या बाहेर पहिल्यांदाच फाटकाच्या आतला माणूस बोलला. लोखंडे वाचल्यावर ब्राइट मला जास्त कळले. म्हणून विद्यार्थ्यांना सांगते, युरोपचा इतिहास वाचताना आपल्याकडचं वाचन बाजूला ठेवू नका, त्याचा प्रश्न विचारायला उपयोग होतो.

तुमच्या टिपणासाठी

चरित्राची समीक्षा लिहिताना मी आता चार गोष्टी करते.

१. नायकाचं पोट कशावर चालतं ते शोधते, आणि ती गोष्ट पुस्तकात कोणत्या पानानंतर दिसेनाशी होते यावर खूण करते.

२. ‘विसंगती’, ‘विरोधाभास’, ‘काळाच्या मर्यादा’ हे शब्द मसुद्यात आले की त्यांच्यापुढे स्वतःच ‘मग?’ लिहिते.

३. एक स्पष्टीकरण सुचलं की ते मोडणारा माणूस किंवा तारीख शोधते. माझ्यासाठी तो माणूस फील्डन होता आणि ती तारीख १८६९.

४. नायकाविरुद्ध लिहिताना त्याचा सर्वांत भक्कम मुद्दा आधी मांडते. ब्राइट यांचा जमीनदारांवरचा संशय खरा होता. तो गाळून मी त्यांना खलनायक केलं असतं, तर माझं टिपण ट्रेव्हेल्यन यांच्या पुस्तकाइतकंच एकांगी झालं असतं, फक्त उलट्या बाजूने. आणि त्यांच्याइतकं वाचनीयही झालं नसतं!

तिसरा मसुदा मॅडमना दिला. त्यांनी शेवटचं पान वाचलं, थोडा वेळ गप्प बसल्या, आणि विचारलं, “फील्डनच्या गिरणीतल्या बायकांना दहा तास हवे होते का? त्यांचं म्हणणं कुठे आहे?” माझ्याकडे उत्तर नव्हतं. मीही फील्डन यांच्या फाटकाशीच थांबले होते. सध्या तेच शोधते आहे.

तुमच्या विषयातलं एखादं चरित्र घ्या आणि वरची पहिली खूण करून बघा. कोणत्या पानावर पोटापाण्याचा धंदा गायब झाला, तेवढं कमेंटमध्ये लिहा. पुढच्या पोस्टमध्ये त्यावर बोलू.